दोन नावांची ठेव

विधवेचा हेवा करणारी बाई कुणी पाहिली नसेल तर त्याने माझ्याकडे पाहावं. ही गोष्ट घडली तोवर माझ्या थोरल्या जावेचा मी पंधरा वर्षं हेवा केला होता, आणि त्यातली शेवटची नऊ वर्षं तिच्या कपाळी कुंकू नव्हतं. मला लाज वाटायची. सकाळी आंघोळ करताना मी रोज ठरवायची की आज तिच्याशी नीट वागायचं, आणि कॉफी होईपर्यंत ते विसरून जायची.

ह्या लिखाणात मी कुणाचंच नाव घालणार नाही. गोष्ट नावाचीच आहे, तरीसुद्धा नाही. कोर्टात एकदा सगळ्यांसमोर सांगितलं तेवढं पुरे झालं.

आमचं घर कुंभकोणमला, मोठ्या तळ्यापासून दोन गल्ल्या आत. माझे यजमान कापडाचे व्यापारी. पुढच्या बाजूला गठ्ठे आणि मागे दोन शिलाई मशिनं, असं बाजारपेठेत आमचं दुकान. आम्ही पिढ्यान्पिढ्या तमिळ मुलखात राहिलेले मराठी, आमच्या लोकांचा मूळ धंदा शिवणकामाचा. एकादशीला भजन, बाकीचे दिवस कात्री. थोरले दीर रेल्वेत होते, ते तापाने गेले, तेव्हापासून जाऊ आमच्याकडेच. आमच्यात थोरल्या भावाच्या बायकोला मन्नी म्हणतात. हा शब्द तमिळ शेजाऱ्यांचा, पण आता आमचाच झाला आहे. यजमान तिला मन्नी म्हणत. मी मात्र अक्का म्हणायची, कारण लग्नाच्या आधीपासून तशीच म्हणत आले होते. आम्ही दोघी मरुदानल्लूरच्या, एका गल्लीतल्या. ती माझ्याहून सहा वर्षांनी मोठी. या घरात मला तिनेच सुचवून आणलं, आणि हे उपकार ती कधी बोलून दाखवत नसे. निदान बोलून दाखवले असते तर मला भांडता आलं असतं.

हेवा कशाचा म्हणाल, तर अस्क्याचा. हा आमच्याकडचा शब्द आहे, म्हणजे सगळ्याचा. यजमान दुकानातून आले की चप्पल काढता काढता विचारायचे, मन्नी कुठे आहे. गठ्ठे कुणाकडून घ्यायचे, मशीन दुरुस्त करायची की नवी आणायची, हे ते तिच्याशी बोलत. मला फक्त सांगत, तेही ठरल्यावर. माझी दोन्ही मुलं निजायची तिच्या कुशीत. आमटीला ती चिंच किती घालते ते मी दहा वेळा पाहिलं, तेवढीच घातली, आणि जेवताना यजमान म्हणाले, आज मन्नीने केलं नाही वाटतं. पान वाढलेलं तसंच टाकून मी आत गेले. तेव्हाही समजूत काढायला तीच आली, त्यामुळे माझा राग आणखीच वाढला.

तर त्या वर्षी, दीपावलीला महिना राहिला असताना, ह्यांच्यावर दावा झाला.

सेलमच्या एका घाऊक व्यापाऱ्याकडून माल आला होता. त्यातले काही गठ्ठे पावसात भिजून आलेले, उघडले तेव्हा घडीघडीला बुरशी. ह्यांनी त्याला कळवलं की चांगल्या मालाचे पैसे देतो, कुजलेल्याचे देणार नाही. तो ऐकेना. त्याने इथल्याच कोर्टात तीन हजारांच्या वसुलीचा दावा लावला आणि जोडीला एक अर्ज दिला की हा माणूस दीपावलीत सगळा माल विकून पैसे दडवणार आहे, तेव्हा निकालाच्या आधीच दुकानातला माल जप्त करावा. कोर्टाने दोन आठवड्यांची मुदत दिली. तेवढ्यात दाव्याच्या रकमेचा जामीन द्या, नाहीतर कोर्टाचा अमीन येऊन दुकानाला टाळं लावेल.

कुंभकोणमात कापडाच्या दुकानाला दीपावलीत टाळं म्हणजे काय, ते बाहेरच्याला सांगून कळायचं नाही. गरिबातल्या गरीब घरी त्या पहाटे नवं कापड अंगावर चढतं. वर्षाची कमाई त्या तीन आठवड्यांत होते. उरलेलं वर्ष दुकानदार माश्या मारतो.

मी माझ्या सहा सोन्याच्या बांगड्या काढल्या आणि ह्यांच्यापुढे ठेवल्या. खरं सांगते, मला भीती कमी वाटत होती आणि आनंद जास्त. एकदा तरी घर माझ्या हातांनी वाचणार होतं. ह्यांनी बांगड्या रुमालात बांधून वकिलांकडे नेल्या आणि तासाभरात परत आणल्या. वकील म्हणाले होते की दागिन्यांची किंमत कोण ठरवणार, सोनार कुणाचा, ठेवायचे कुठे, पलीकडचा वकील प्रत्येक बांगडीवर एकेक तारीख मागून घेईल. बँकेत कुणाची मुदत ठेव असेल तर पाहा. ह्यांनी रुमाल माझ्या मांडीवर ठेवला आणि माझ्याकडे न बघता तांब्याभर पाणी प्याले.

अक्का दारात उभी होती. ती आत गेली, आपल्या पेटीच्या तळातून एक कापडी पिशवी घेऊन आली आणि तिच्यातून घडी घातलेला कागद काढून ह्यांना दिला. तो बँकेच्या ठेवीची पावती होता. तीन हजार दोनशे. दीर गेले त्या वर्षी तिच्या वडिलांनी मरुदानल्लूरचा जमिनीचा तुकडा विकून तिच्या नावाने ते पैसे ठेवले होते. वडील पुढे वारले. ती वर्षातून एकदा देवळात म्हणून जायची ती वाटेत बँकेत जाऊन पावती बदलून आणायची, आणि हे आमच्यापैकी कुणालाही ठाऊक नव्हतं.

ह्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्या बांगड्या मांडीवर होत्या, आणि माझ्या नवऱ्याच्या डोळ्यांत दुसरीच्या कागदासाठी पाणी आलं. मी उठून विहिरीवर गेले आणि नको असलेलं पाणी ओढत बसले.

वकील खूष झाले. त्यांनी ह्यांना समजावून सांगितलं, आणि ह्यांनी घरी येऊन आम्हाला, म्हणजे अक्काला, मी आपली ऐकत होते. बँकेतली ठेव हा सगळ्यात स्वच्छ जामीन. तिची किंमत ठरवायला लागत नाही, राखण करायला लागत नाही. पावती कोर्टात द्यायची. बँकेने आपल्या वहीत बोजा लिहून घ्यायचा आणि कोर्टाला पत्र द्यायचं की तुमच्या हुकमाशिवाय ही रक्कम आम्ही कुणालाही देणार नाही, ठेवणारीलासुद्धा नाही. पैसा जागचा हलत नाही. दावा जिंकलो तर पावती परत, हरलो तर तेवढी रक्कम बँक परस्पर वादीला देते. अक्काने एवढंच विचारलं की व्याज मिळेल की नाही. मिळेल म्हणाले. मग ती शेंगा निवडायला बसली.

वकिलांच्या गुमास्त्याने जामीनपत्र लिहिलं. ह्यांनी सांगितलं तसं लिहिलं. अमक्याची विधवा अमकी, राहणार अमुक गल्ली. अक्काने सही केली. बँकेचं पत्र आलं, पावती कोर्टात गेली, सगळं रीतसर झालं, आणि तारखेच्या दिवशी पलीकडच्या वकिलाने उभं राहून दोन्ही कागद शेजारी शेजारी धरले. म्हणाला, जामीन देणारी बाई एक आहे आणि ठेव दुसऱ्याच बाईची आहे.

पावतीवर अक्काचं माहेरचं नाव होतं.

आमच्यात लग्नात नवरीचं नाव बदलतात. ताटात तांदूळ पसरतात, नवरा अंगठीने त्यात नवं नाव लिहितो, आणि त्या दिवसापासून जुनं नाव कुणी उच्चारायचं नाही. आमच्या आसपासच्या तमिळ घरांत ही रीत नाही. त्यांची मुलगी जन्मते त्याच नावाने मरते. अक्काचे वडील म्हातारपणी एकटेच बँकेत गेले, आणि कारकुनाने मुलीचं नाव विचारलं तेव्हा आपण ठेवलेलं नाव त्यांनी सांगितलं. वडिलांना दुसरं सुचणार कसं? खाली 'अमक्याची मुलगी' म्हणून त्यांचं नाव. तर एका कागदावर अमक्याची मुलगी, दुसऱ्यावर तमक्याची विधवा, आणि दोन्हींत एक अक्षरही सारखं नाही. सह्यासुद्धा दोन. बँकेत ती जुन्या नावाने सही करायची, जामीनपत्रावर तिने नव्याने केली होती.

बँकेचा एजंट, म्हणजे तिथला मुख्य साहेब, म्हणाला, पावतीवरच्या नावाने सही करणारी बाई मी ओळखतो, तिचं दुसरं नाव असेल तर मला माहीत नाही. पैसे काढून रोख भरावेत म्हटलं तर पावती कोर्टाच्या फायलीत, आणि पावतीशिवाय बँक पैसे देईना. ह्यांची साक्ष घ्यावी तर ते स्वतः प्रतिवादी, शिवाय लग्नात ते तेरा वर्षांचे, पंगतीत लाडू मोजत होते. त्यांना वहिनीचं माहेरचं नाव कधी कळलंच नव्हतं. न्यायाधीशांनी पाच दिवस दिले. दोन्ही नावांची बाई एकच, असं सांगणारा माहेरकडचा माणूस आणा, नाहीतर जप्तीचा हुकूम देतो.

अक्काचे आईवडील नव्हते. भाऊ नव्हता. माझ्या माहेरीही आता कुणी उरलं नव्हतं. लग्न लावणारे भटजी केव्हाच गेले होते, आणि त्यांची मुलं मद्रासकडे.

त्या संध्याकाळी ह्यांनी मला विचारलं. कधी नव्हे ते माझ्यासमोर बसून विचारलं.

"मन्नीचं आधीचं नांव तुज ठाऊक आहे कीं? एका गल्लीच्या तुम्ही."

मला ठाऊक होतं. सात वर्षांची होईपर्यंत मी तेच नाव गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत ओरडत फिरत होते, तिच्या नावापुढे अक्का लावून. आणि मी म्हणाले, "मी केवढीशी होते. अक्का म्हणट्लं, अक्काच ठाऊक."

का म्हणाले? आजपर्यंत मी याचं उत्तर निरनिराळं दिलं आहे. खरं उत्तर असं की बांगड्यांचा रुमाल ज्या हाताने परत आला तोच हात आता माझ्यापुढे पसरला होता, आणि तोही तिच्यासाठी. तिचा कागद चालू नये असं मला वाटलं. दुकानाचं काय होईल हा विचार मनात आला नाही असं नाही. आला, आणि मी तो बाजूला सारला. मनाशी म्हटलं, बघू दे एकदा सगळ्यांना, हिच्याने सगळंच होत नाही.

अक्का स्वयंपाकघरात होती. मधे फक्त एक भिंत, तीही अर्धी. तिने ऐकलं हे मला कळलं, कारण आतला पळीचा आवाज थांबला. मग परत सुरू झाला.

मला वाटलं होतं की ती बाहेर येऊन म्हणेल, खोटं बोलतेस. ती आली नाही. दुसरा दिवस गेला. यजमान मरुदानल्लूरला जाऊन आले. आमच्या गल्लीत आता सगळी नवी माणसं, जुन्यांपैकी एक आंधळी म्हातारी, तिने ह्यांनाच आपला भाचा समजून जेवायला बसवलं. तिसऱ्या दिवशी शेजारच्या दुकानदाराने सांगितलं की सेलमकराचा माणूस येऊन आमच्या दुकानासमोर उभा राहून गठ्ठे मोजत होता. मशिनीवरच्या दोघा कारागिरांनी आगाऊ पगार मागितला. यजमान रात्री न जेवता निजले. मी मूग गिळून बसले होते, आणि आता बोलायचं तर दोन दिवस गप्प का होतीस, याचं उत्तर द्यावं लागणार होतं. तोंड उघडणं माझ्या जिवावर आलं होतं.

चौथ्या दिवशी दुपारी मी अंगणात मिरच्या वाळत घालत होते. अक्का आली, माझ्या समोर बसली, आणि माझ्याबरोबर मिरच्यांचे देठ काढायला लागली.  मग देठ खुडता खुडता, वर न बघता ती म्हणाली,

"कोर्टाचं राहू दे. तूं खरंच विसरट्लीस तर मग ते अस्कं गेलं. आणि कोणालाच ठाऊक नाही ते नांव."

तिच्या आवाजात राग असता तर मी सावरले असते. ती मला टोमणा मारत नव्हती. तिला खरोखरच भीती वाटत होती की मी विसरले असेन. दुकान, ठेव, जप्ती हे सगळं एका बाजूला ठेवून ती मला एवढंच विचारत होती. माझ्या हाताला मिरच्यांचं तिखट लागलेलं, तोच हात मी डोळ्याला लावला, आणि पुढचा अर्धा तास ती विहिरीवर माझे डोळे धूत बसली. मी रडत होते ते मिरचीने की कशाने, ते तिने विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही.

संध्याकाळी मी ह्यांना म्हणाले की मला आठवतं आहे. त्या दिवशी आठवत नव्हतं, आज कसं आठवलं, असं त्यांनी विचारलं. आज आठवलं, मी म्हणाले.  त्यांना काय कळायचं ते कळलं असावं. पुढे पस्तीस वर्षांच्या संसारात त्यांनी तो विषय काढला नाही.

कोर्टात मी त्याआधी कधी पाऊल टाकलं नव्हतं. शिपायाने दारात उभं राहून माझं नाव तीनदा पुकारलं, नवऱ्याच्या नावासकट. पलीकडचा वकील लगेच उठला की ही तर प्रतिवादीची बायको, ही हवं ते सांगेल. न्यायाधीश तमिळ गृहस्थ होते, उतारवयाचे, पानाने ओठ रंगलेले. ते म्हणाले, लग्नात बायका काय करतात ते बायकांनाच ठाऊक असणार, बसा. मग त्यांनी अक्काला बाहेर व्हरांड्यात बसवलं आणि मला विचारलं की नाव बदलताना काय झालं ते सांगा.

मी तमिळमध्ये सांगितलं. मी सात वर्षांची, ताटाच्या अगदी कडेला बसले होते. नवऱ्याने तांदळात अंगठीने लिहिलं, भटजींनी ते मोठ्याने वाचलं, आणि मी ओरडले की चुकलं, हिचं नाव हे नाही, हिचं नाव ते आहे. आईने मला थोबाडीत मारली. मी भोकाड पसरलं. सगळे हसले. एवढं सांगून मी तिचं माहेरचं नाव घेतलं. तेवीस वर्षांनी घेतलं, तरी जिभेवर अडखळलं नाही.

मग मला बाजूला उभं करून अक्काला आत बोलावलं आणि तोच प्रश्न विचारला. तिने तेच सांगितलं. मी ओरडले ते, थोबाडीत बसली ते. शेवटी तिने एक गोष्ट वाढवली, जी मला आठवत नव्हती. म्हणाली, ही रडायची थांबेना, म्हणून मी त्या ताटातले मूठभर तांदूळ उचलून हिच्या हातात दिले. नाव पुसलं गेलं, आणि भटजींनी ते परत लिहायला लावलं.

न्यायाधीश हसले. पलीकडच्या वकिलाला म्हणाले, आता काय ताटातले तांदूळ हजर करू? जामीन मंजूर झाला. हुकमात त्यांनी लिहून घेतलं, अमकी उर्फ तमकी. दोन्ही नावं शेजारी शेजारी, वर कोर्टाचा शिक्का. दुकान उघडं राहिलं. त्या दीपावलीला मशिनं दिवसरात्र चालली.

मी आता सुधारले असेन असं वाचणाऱ्याला वाटेल. छे. घरी येताना मला जो हेवा वाटला तसा त्याआधी कधी वाटला नव्हता. ठेवीचा हेवा, आमटीचा हेवा, मुलांचा हेवा, हे सगळं पोरकट वाटावं असा हा हेवा होता. तिची दोन्ही नावं सरकारी कागदावर चढली होती. तिच्या वडिलांनी ठेवलेलं नाव बँकेत होतं, कोर्टात होतं. माझ्याही लग्नात ताटात तांदूळ पसरून अंगठी फिरवली गेली होती. पण माझं जुनं नाव कुठेच नव्हतं. साक्ष देताना लेखनिकाने माझं नाव विचारलं तेव्हा सासरचं सांगितलं, त्याने लिहून घेतलं, संपलं. आणखी कुणी विचारलं नाही. विचारणार कोण आणि कशाला?

मी हे कुणाला बोलले नाही. पण चार दिवस घरात भांडी आपटत होते, आणि अक्काच्या कानांना भांड्यांची भाषा चांगली कळत असे.

दाव्याचा निकाल दीड वर्षाने लागला. भिजलेल्या गठ्ठ्यांचे पैसे द्यायचे नाहीत, बाकीचे द्यावे, असा. ते ह्यांनी दुकानातून दिले. जामीन सुटला, पावती परत मिळाली, बँकेला बोजा उतरवण्याचा हुकूम गेला. पावती नवी करायला अक्का निघाली तेव्हा मला म्हणाली, चल. मला वाटलं पिशवी धरायला हवी असेन. धुसफुसतच गेले.

कारकून कोवळ्या वयाचा होता. त्याने फॉर्म पुढे सरकवला. अक्का म्हणाली, आता दोन नावं घाला. दोघींपैकी कुणालाही मिळावी, आणि एक गेली तर मागे राहील तिला. त्याने पहिलं नाव जुन्या पावतीवरून उतरवलं. दुसरं काय, म्हणून विचारलं, आणि अक्काने सांगितलं.

माझं माहेरचं नाव. पुढे माझ्या वडिलांचं नाव. त्याला नीट कळेना म्हणून एकेक अक्षर सुटं करून सांगितलं.

त्याने नातं विचारलं. मी म्हणणार होते, जावा. अक्का म्हणाली, "ती आमच्या गांवची."

मग त्याने फॉर्म माझ्याकडे फिरवला. त्या नावाने मी शाळेतल्या पाटीनंतर सही केली नव्हती.  एक अक्षर चुकलं. दुसरा फॉर्म मागावा की काय असं झालं, पण अक्का म्हणाली, राहू दे, चालतं. नंतर बाहेर येऊन मी त्या पावतीवर फुंकर घालत होते, शाई केव्हाच वाळली होती तरी. पहिलं नाव तिचं होतं, माझं दुसरं. तेही माझ्या नजरेतून सुटलं नाही.

त्यानंतर दर वर्षी ती एकटीच जाऊन पावती बदलून आणायची. दोघींपैकी एकीची सही पुरे. मी कधी गेले नाही.

अक्का गेल्या मार्गशीर्षात गेली. दिवस झाल्यावर मी पावती घेऊन बँकेत गेले. आता तिथे मोठा काचेचा काउंटर आहे. मुलीने माझी सही घेतली, आतून सहीच्या नमुन्याचं जुनं कार्ड आणलं, दोन्ही शेजारी ठेवून पाहिलं, आणि अगदी नम्रपणे म्हणाली की जुळत नाही. मी सही बरोबर केली होती. कार्डावर एक अक्षर चुकीचं होतं. मुद्दाम चुकून पाहावं म्हटलं, तर कुठलं चुकलं होतं ते आठवेना, आणि कार्ड ती दाखवीना. मी म्हणाले, अगं, हे माझंच नाव आहे. तिने माझी कागदपत्रं पाहिली. सगळ्यांवर सासरचं. म्हणाली, पाटी, म्हणजे तमिळमध्ये आजी, असं करा, तुम्हाला या नावाने लहानपणापासून ओळखणारं कुणीतरी घेऊन या, त्यांनी लिहून दिलं की झालं.

ठेव तिथेच आहे. ह्यांच्या माघारी मुलगा म्हणतो, वकील लावू. मी नको म्हणते. आणि दुपारी कुणी नसलं की मला परत तिचा हेवा वाटतो. तिच्या वेळेला मी होते.